शहराला न दिसलेली वच्छला

मे महिन्यात नागपुरात भर दुपारी चालू कूलर बंद करायला तसंच मोठं कारण लागतं. कामिनीबाई सबनीसांनी तो तीन वाजता बंद केला. खिडक्या लावल्या. भिंतीवरचं घड्याळ टिकटिक करतं म्हणून काढून रजईत गुंडाळलं. मग आरामखुर्चीतल्या नवऱ्याला म्हणाल्या, "आता श्वाससुद्धा हळू घ्या."

मुकुंदराव अठ्ठ्याहत्तर वर्षांचे. त्यांनी बनियनचा गळा पुढं ओढला आणि आत फुंकर मारली. "किती वेळ?"

"दोन मिनिटं."

"मघाशीही दोनच मिनिटं होती. तेवढ्यात मी तीन ग्लास पाणी प्यायलो."

हर्षा हसली आणि तिच्या हातातला फोन हलला. "सॉरी काकू. परत."

ही चौथी वेळ होती.

हर्षा त्यांच्या वरच्या खोलीत दोन वर्षं भाड्यानं राहत होती. सावनेरजवळच्या खेड्यातली, मराठीत एम. ए. झालेली, एका शिकवणी वर्गात दहावीला निबंध शिकवणारी. रोज संध्याकाळी ती खाली चहाला यायची. कामिनीबाई शिवण छान करतात आणि चिडल्या की भांडी घासत बसतात, एवढं तिला माहीत होतं. त्या नटी होत्या हे तिला आठवड्यापूर्वी कळलं.

चहा पिता पिता तिनं फोनवर आलेली एक जाहिरात वाचून दाखवली होती. नागपूरजवळच्या बुटीबोरीच्या कामगारांवर एक वेब मालिका निघत होती. त्यासाठी नागपुरी बोलणारी सत्तरीची बाई हवी होती.

"कुठून आणणार अशी बाई," हर्षा म्हणाली.

कामिनीबाईंनी कप खाली ठेवला. "काहून वं पोरी, सत्तरीची बाई का दुकानात भेटते? का मी मरून गेली?"

हर्षा बघतच राहिली. आवाज बदलला होता. मान बदलली होती. कपाच्या कानात अडकवलेलं बोटसुद्धा दुसऱ्याच कुणाचं वाटत होतं. सबनीसांच्या घरात असं कुणी बोलत नसे. हर्षाच्या गावात बोलत.

"हे कुठं शिकलात तुम्ही?"

"टीव्हीसाठी शिकले. मी वच्छला होते."

हर्षानं त्याच संध्याकाळी आईला फोन लावला. आई पलीकडून ओरडलीच. "धुऱ्यावरची वच्छला? थे जिती हाये? माय वं! अन् तू दोन सालापासून तिच्याच घरी राहून राहिली?"

हर्षाला त्या रात्री नीट झोप लागली नाही. दोन वर्षं तिनं या बाईला निबंधातले गमतीदार उतारे वाचून दाखवले होते.

अर्ज तिनंच भरला. मुंबईहून अर्णव नावाच्या तरुणाचा संदेश आला. सोबत दोन मिनिटांचा प्रसंग. तो घरीच फोनवर चित्रित करून पाठवायचा. मुदत आज संध्याकाळी सहापर्यंत. सहानंतर आलेलं उघडून बघणार नाही, असं त्यानं ठळक अक्षरांत लिहिलं होतं.

वच्छलाची हकिकत अशी.

चौऱ्याऐंशी साल. उपग्रहावरून खेड्यांसाठी वेगळे कार्यक्रम पाठवायचे ते दिवस. शाळेत किंवा ग्रामपंचायतीत एक टीव्ही असे, छपरावर उलट्या छत्रीसारखी जाळीची अँटेना, आणि समोर अख्खं गाव. दर गुरुवारी 'धुऱ्यावरच्या गप्पा' लागे. धुरा म्हणजे शेताचा बांध. त्या बांधावर बसून रुपराव नावाचा शेतकरी आणि त्याची बायको वच्छला भांडत भांडत बियाणं, लसी, साठवणीचं धान्य असल्या गोष्टी सांगत. बँकेत नोकरी करणारे रवींद्र नावाचे हौशी नट रुपराव व्हायचे. वच्छला व्हायच्या कामिनीबाई. सात वर्षं.

पण हा कार्यक्रम फक्त त्या छत्र्यांवर उतरायचा. शहरातल्या टीव्हीवर त्या वेळी मुंबईचं काहीतरी चालू असे. कामिनीबाई राहायच्या नागपुरात, चित्रण व्हायचं नागपुरात, आणि नागपुरातच त्या कुणाला दिसायच्या नाहीत. सावनेरच्या बसस्टँडवर बायका त्यांच्याभोवती कोंडाळं करत. इथं महाल भागात, त्यांच्या गल्लीत, दूधवाला विचारी, "वहिनी, तुम्ही गुरुवारी कुठं जाता हो?" सून रेडिओत काहीतरी करते अशी सासूबाईंची शेवटपर्यंत समजूत होती. मुकुंदराव तारघरात होते. बायको केंद्रावर जाते, वेळेवर परत येते, एवढं त्यांना पुरे होतं.

टेपचा तुटवडा असे. दोन-तीन महिने झाले की त्याच टेपवर दुसरं काहीतरी भरत. एक्याण्णव साली कार्यक्रम थांबला तेव्हा सात वर्षांतलं एक मिनिटही शिल्लक नव्हतं. कामिनीबाईंनी नंतर दोनदा मुंबईला फोटो पाठवले. उत्तर आलं नाही. मग लेकीचं शिक्षण, सासूबाईंचं आजारपण, शिवण.

एकदा तरी इथल्या माणसांनी आपल्याला बघावं. एवढंच त्यांना हवं होतं. चौतीस वर्षांत हे त्या कुणाजवळ बोलल्या नव्हत्या. अर्ज भरताना हर्षाजवळ बोलल्या आणि "दूध उतू जातंय बघ" म्हणत लगेच उठल्या. गॅसवर दूध नव्हतंच.

तर आता चार वाजत आले होते आणि प्रसंग काही मनासारखा होत नव्हता.

प्रसंग साधा. बुटीबोरीच्या गिरणीतलं काम सुटलेला मुलगा जेवता जेवता सांगतो की उद्या पुण्याला जातो. आई पोळी वाढत असते. ती त्याला अडवत नाही. शेवटी तो विचारतो, "आई, तू येतेस का माझ्यासोबत?" ती नाही म्हणते. संपलं.

अर्णवच्या कागदावर आईच्या प्रत्येक वाक्यात "काहून बे" होतं. कामिनीबाईंनी पेन्सिलनं ते सगळे खोडले. "कोणती आई पोराला बे म्हणते?"

"काकू, त्याला तसंच हवंय. फोनवर म्हणाला ना, थोडं गावठी करा, लाऊड करा, लोक हसले पाहिजेत."

"हा मुलगा घर सोडून चाललाय. हसायचं कुठं?"

पाचव्या वेळी शेजारच्या घरात मिक्सर सुरू झाला. सहाव्या वेळी कुल्फीवाल्याची घंटा. सातव्या वेळी शेवटच्या वाक्यात कामिनीबाईंची जीभ अडखळली. त्यांनी मान हलवली, पोळ्यांचा डबा पुन्हा जागेवर ठेवला. "पहिल्यापासून."

हर्षाच्या हनुवटीवरून घाम ठिबकत होता. "काकू, शेवटचं एकच वाक्य चुकलं. तेवढंच परत घेऊ. मी जोडून टाकते. कळणारसुद्धा नाही."

"मला कळेल."

"अर्णवला नाही कळणार."

"वांग्यांना कळतं," कामिनीबाई म्हणाल्या, आणि कूलर लावून त्याच्यासमोर बसल्या.

तेव्हा अठरा मिनिटांचा प्रसंग एका दमात घेत. टेप कापून जोडणं इतकं किचकट की शेतीच्या कार्यक्रमासाठी तो खटाटोप कुणी करत नसे. सोळाव्या मिनिटाला चुकलं तरी पुन्हा सुरुवातीपासून. रवींद्र हमखास अडायचे. कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला की त्यांची पाटी कोरी. मग वच्छलाच भांडता भांडता त्यांना आठवण करून देई. "तुमी थे बियान्याचं सांगून राहिले होते ना? का थेबी इसरले?" रुपरावाला वाट सापडे आणि गाडी पुढं जाई. बघणाऱ्या गावांना वाटे, काय जोडा आहे!

पण एकदा कामिनीबाई स्वतः चुकल्या. परसातल्या वांग्यांवर कीड पडली तर काय करायचं, असा प्रसंग होता. एका बादलीला एक टोपण औषध, असं कागदावर होतं. त्या बोलल्या, एक वाटी. बोलल्या त्याच क्षणी त्यांना कळलं. सतरावं मिनिट होतं. घरी लेक तापानं फणफणली होती. कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं. त्यांनी पुढचं वाक्य घेतलं.

दहाव्या दिवशी एक बाई पत्ता विचारत महालात आली. डोक्यावरून पदर, पायांत धूळ, हातात फडक्याचं गाठोडं. ती सबनीसांच्या ओट्यावर बसली आणि गाठ सोडली. आत वांग्याची सहा रोपं होती. पार करपलेली.

"वच्छलाबाई, हे काय झालं?"

कामिनीबाईंनी एक रोप उचललं. पानाचा हातात चुरा झाला.

"तुमीच सांगतलं ना वाटीभर? मी तं वाटीबी काठोकाठ घेतली. तुमी घेतली तशीच."

"चुकलं माझं."

"चुकलं हे तुमाले कवा समजलं?"

"तेव्हाच."

बाईनं फडक्याची गाठ पुन्हा बांधली. "मंग तवाच काहून नाई सांगतलं वं माय?"

आत सासूबाई विचारत होत्या, कोण आलंय गं, आणि कामिनीबाई "कुणी नाही" म्हणाल्या. तेही त्या बाईनं ऐकलं.

ती इंदूबाई. तिनं एकच मागणं केलं. येत्या गुरुवारी वच्छलेनं सगळ्यांसमोर बरोबर माप सांगावं आणि आपण चुकलो असंही सांगावं. कामिनीबाईंनी केंद्रावर जाऊन हट्ट धरला आणि तसं केलं. मग त्या स्वतः इंदूबाईच्या गावी गेल्या, नवी रोपं घेऊन. वांग्यांच्या वाफ्याशी चहा पिताना इंदूबाई म्हणाली, "राग नोका येऊ देऊ. पन तुमी बोलता तसं आमी नाई बोलत. तुमी आमची नक्कल करता."

त्या दिवसापासून एका रविवाराआड कामिनीबाई सावनेरची बस धरू लागल्या. घरी सांगत, शिवणाचं कापड आणायला जाते. इंदूबाई निंदण करायची आणि या बांधावर बसून ऐकायच्या. कधी शिकवणी, कधी नुसता दंगा.

"आमच्याकडं बाईबी 'मी येतो' म्हनते, बाप्याबी 'मी येतो' म्हनते. वावरात दोघायलेबी सारखंच काम हाये."

"आणि चिडली की?"

"चिडली की बाई वरडत नाई. थे तुमचं नाटकातलं. बाई चिडली की हळू बोलते. अन् काम जोरात करते. हातातलं भांडं पाहाव तिच्या, तोंड नाई."

कामिनीबाईंच्या सात वर्षांतली शेवटची सहा इंदूबाईची होती. हे त्या स्वतःच म्हणत. इंदूबाई जाऊन आता सोळा वर्षं झाली.

स्वतःला पडद्यावर त्यांनी एकदाच पाहिलं, तेही तिच्याच गावात. शाळेच्या पडवीत टीव्ही, समोर दीडशे माणसं. इंदूबाईनं त्यांना पुढच्या रांगेत बसवलं. धोंडबा नावाचा एक म्हातारा एकदा पडद्याकडं बघे, एकदा त्यांच्याकडं.

"हे थे नोहे," तो शेवटी म्हणाला.

"थेच हाये, मामा," इंदूबाई म्हणाली.

"नाई. वच्छला उंच हाये. अन् थे आशी चूप बसत नाई."

सगळी पडवी हसली. पडद्यावरची वच्छला रुपरावावर खेकसली आणि सगळे पुन्हा तिकडं वळले. शेजारी बसलेल्या बाईकडं मग कुणी पाहिलं नाही. कामिनीबाईंना त्या दिवशी इतका आनंद झाला की परतीच्या बसमध्ये त्यांना रडू आलं. घरी कुणाला काही सांगता आलं नाही.

"काकू, पाच वाजून पाच मिनिटं," हर्षा म्हणाली.

कामिनीबाई उठल्या. कूलर बंद. "तुझा आवाज फोनच्या फार जवळ येतो. मुलाची वाक्यं तू नको वाचू."

"मग कोण वाचणार?"

दोघींनी आरामखुर्चीकडं पाहिलं.

"मी?" मुकुंदराव म्हणाले. "मी कधी नाटकात काम केलेलं नाही."

"काम करायचं नाही. वाचायचं."

त्यांना चष्मा दिला, कागद दिला, चौरंगावर फोनच्या बाजूला बसवलं. अंगात सदरा घालायला लावला. फोनमध्ये ते दिसणार नव्हते, पण बनियनवर बसलेल्या मुलाला पोळी कशी वाढायची, असं कामिनीबाईंचं म्हणणं.

आठव्या वेळी मुकुंदरावांनी पहिलं वाक्य वाचलं. "आई. उद्या पुण्याला."

कामिनीबाई थांबल्या. "अहो, वाक्य एवढंच आहे का?"

"बाकीचं काय करायचंय? इथं काही राहिलं नाही, मन लागत नाही... पुण्याला जातो म्हटलं की तेवढं कळतंच की."

"चाळीस वर्षं तारा पाठवल्यात," कामिनीबाई हर्षाला म्हणाल्या. "शब्द वाचवल्याशिवाय यांना बोलता येत नाही."

"तुमचं लग्न कसं ठरलं हो काका?"

"तीन शब्दांत," मुकुंदराव म्हणाले.

"वेळ नाहीये," कामिनीबाई ओरडल्या. ओरडल्या म्हणजे आवाज खाली गेला आणि डबा जोरात आपटला.

नवव्या वेळी त्यांनी सगळे शब्द वाचले, एकेक करून, यादी वाचावी तसे. दहाव्या वेळी मधेच शिंकले. पाच वाजून अडतीस मिनिटं झाली होती. कामिनीबाईंचं लुगडं पाठीला चिकटलं होतं. त्या स्वयंपाकघरात गेल्या, नळाखाली मनगटं धरली, परत आल्या. कुणाकडं न बघता खाली बसल्या. डबा जवळ ओढला.

"हं," त्या म्हणाल्या.

हर्षानं बटण दाबलं.

मुकुंदरावांनी पहिलं वाक्य वाचलं. आईनं वर पाहिलं नाही. "जातो तं जा ना," ती म्हणाली. "मी का दाराले आडवी झाली?" तिनं पोळी काढली, दोन बोटांनी झटकली, ताटात टाकली. "पन आजची पोळी आज खाय." मुलानं सांगितलं की गिरणी आता काही सुरू होत नाही. तिनं डब्याचं झाकण लावलं. पुन्हा उघडलं. आत पोळ्या किती आहेत ते बघितलं, जणू तेवढंच बघायचं होतं. "थंडी असते म्हनते तिकडं," ती म्हणाली. "सोटर घेतलं का?"

आता मुलानं विचारायचं होतं, तू येतेस का माझ्यासोबत.

त्यानं विचारलं नाही.

हर्षानं डोळ्याच्या कोपऱ्यातून मुकुंदरावांकडं पाहिलं. कागद त्यांच्या मांडीवर पडला होता. ते समोर बघत होते. तोंड जरासं उघडं. बायकोकडं पाहताना माणूस असं बघत नाही.

खोलीत कसलाच आवाज नव्हता. फोनवरचे सेकंद पुढं जात होते. कामिनीबाई थांबल्या नाहीत. म्हणजे गप्प झाल्या, पण आत तीच बाई होती. त्यांनी फडक्याला हात पुसले. एकेक बोट पुसलं.

"इचारून टाक ना," त्या हळू म्हणाल्या. "मले सोबत येतं का म्हनून इचारायचं हाये ना तुले? मंग इचार." वाट पाहिली. "नाई इचारत? बरं. मीच सांगतो. मी नाई येत."

मग त्या तशाच बसून राहिल्या, समोरच्या रिकाम्या जागेकडं बघत. हर्षाला थांबवायचं सुचलं नाही. बऱ्याच वेळानं कामिनीबाईंनीच विचारलं, "लाल दिवा बंद झाला?"

"काकू, फोनला लाल दिवा नसतो."

"अहो!" कामिनीबाई नवऱ्याकडं वळल्या. "वाक्य होतं तुमचं! डोळा लागला का?"

"नाही."

"मग?"

"बघत होतो," मुकुंदराव म्हणाले.

कामिनीबाईंनी पदरानं मानेवरचा घाम पुसला, पुन्हा पुसला. "पुन्हा घेऊ. चटकन. हर्षा, किती वाजले?"

"पाच सत्तेचाळीस. आणि पाठवायलाच आठ-दहा मिनिटं लागतील. काकू, हे सगळ्यात चांगलं झालंय."

"त्यात चूक आहे. त्याचं वाक्यच नाही."

"माझ्यामुळं झालं," मुकुंदराव म्हणाले.

"तुम्ही गप्प बसा. नको तिथं बोलता आणि बोलायचं तिथं..." त्या खोलीत फिरू लागल्या. खिडकीपर्यंत, परत, पुन्हा खिडकीपर्यंत. चूक माहीत असताना पुढं जाऊ दिली की काय होतं ते त्यांनी ओट्यावर पाहिलं होतं. चाळीस वर्षांत एक चूक त्यांनी तशी सोडली नव्हती, पोळीतली नाही, शिवणातली नाही. "दाखव," त्या म्हणाल्या.

हर्षानं फोन त्यांच्या हातात दिला. त्यांनी हात लांब करून धरला. चष्मा नव्हता. मुकुंदरावांनी आपला दिला. त्या उभ्या उभ्या बघत राहिल्या. शेवटच्या गप्प जागेशी आल्यावर त्यांनी फोन जवळ घेतला.

"हिला माहीत आहे तो काय विचारणार ते," त्या म्हणाल्या. कुणा दुसऱ्याच बाईबद्दल बोलावं तसं. "म्हणून पुसत बसलीये."

पाच एकावन्न.

"पाठव."

पाच अठ्ठावन्नला व्हिडिओ गेला. हर्षानं कूलर लावला आणि तिघं त्याच्यासमोर ओळीनं बसली. कुणी चहाचं नावसुद्धा काढलं नाही.

दुसऱ्या दिवशी अकरा वाजता अर्णवचा आवाजी संदेश आला. मॅम, खूप छान, खूप रिअल. पण आमचा टोन थोडा विनोदी आहे, त्यात हे जरा जड होतंय. पुढच्या वेळी नक्की संपर्क करू. कामिनीबाईंनी तो तीनदा ऐकला. पहिल्यांदा उभ्यानं, दुसऱ्यांदा बसून, तिसऱ्यांदा भांडी घासता घासता.

हर्षा दारात उभी होती. काय बोलावं ते तिला कळत नव्हतं. एम. ए.ला याचं काही शिकवलेलं नव्हतं.

"वर्ग नाही का तुझा?"

"आहे."

"मग जा ना. मी का दाराले..." कामिनीबाई मधेच थांबल्या आणि तवा घासू लागल्या.

मुकुंदराव आले आणि खुर्चीच्या पाठीला धरून उभे राहिले. काही सांगायचं असलं की ते असेच उभे राहत.

"ते मी कालच पाठवलं," ते म्हणाले.

"काय?"

"तुझं. हर्षाकडून मागून घेतलं. गल्लीच्या ग्रुपवर. आणि लेकीला. आणि तारघरातले जुने आहेत, त्यांना."

कामिनीबाईंच्या हातातला तवा मोरीत पडला. "कुणाला विचारून? त्यात चूक आहे म्हणून सांगितलं होतं मी! गाळलेलं वाक्य सगळ्या गल्लीला..."

"मी त्यांना लिहिलं, गाळलेलं वाक्य माझं आहे म्हणून."

त्या तशाच बाहेर पडल्या. कुणाला काय सांगायचं होतं कोण जाणे. ते काढून टाका, बघू नका, असंच काहीतरी. अंगणाचं फाटक उघडलं तर समोरच्या नंदिनीताई भाजीच्या पिशव्या घेऊन येत होत्या. त्या शाळेतून निवृत्त झालेल्या बाई. सोबत गल्लीतली आणखी दोघं.

"अगंबाई, काकू! बघितलं हो तुम्हाला!"

कामिनीबाई फाटक धरून उभ्या राहिल्या.

"पडदे नवे घेतले का? मागं छान दिसत होते," दुसरी बाई म्हणाली.

"आमची पोळ्यावाली बोलते ना, अगदी हुबेहूब तश्शा बोललात," तिसरे काका म्हणाले. "मी बायकोला म्हटलं, फरक ओळखून दाखव."

"ती कुठल्या गावची आहे?" कामिनीबाईंनी विचारलं.

"कोण?"

"तुमची पोळ्यावाली. किती वर्षं आहे तुमच्याकडं?"

"असतील आठ-नऊ. गाव काही विचारलं नाही बुवा."

"विचारा," कामिनीबाई म्हणाल्या.

काका हसले, पण मग हसू आवरून पुढं झाले. पडदेवाली बाईही गेली. नंदिनीताई मात्र हलल्या नाहीत. त्यांनी पिशव्या खाली ठेवल्या. पदराचं टोक हनुवटीशी धरलं आणि आवाज खाली आणला.

"मग गेला का हो तो?"

"कोण?"

"मुलगा. पुण्याला."

कामिनीबाई फाटक सोडून रस्त्यावर आल्या.

"मला रात्रभर तेच," नंदिनीताई म्हणाल्या. "विचारायला हवं होतं त्यानं. नाही म्हणाली असती ती, पण त्यानं विचारायचं तरी. माझ्या लेकानं अमेरिकेला जाताना विचारलं होतं मला. मी नाही म्हटलं. पण त्यानं विचारलं होतं. तुमच्या त्या मुलानं... आणि ती बोटं पुसत होती ना, मला वाटलं, आता उठेल, आता काहीतरी..."

बाराचं ऊन गल्लीत सरळ उतरलं होतं. कामिनीबाई चपला न घालताच बाहेर आल्या होत्या. सिमेंटच्या रस्त्यावर त्यांचे पाय भाजत होते. आतून मुकुंदराव हाक मारत होते. त्या जागच्या हलल्या नाहीत. नंदिनीताईंचं बोलणं अजून संपलं नव्हतं.